एकशे नव्वदचा फेटा

हंबीरराव वस्तादांचं म्हणणं असं की, माणसानं एकदा तालमीत अंग घडवलं की ते मरेपर्यंत पुरतं! तीस वर्षांपूर्वी त्यांनी हजार-हजार जोर-बैठका मारल्या होत्या, लाल मातीत भल्याभल्यांची पाठ टेकवली होती. ती सगळी मेहनत अजून अंगात जशीच्या तशी आहे, इकडची काडी तिकडं झालेली नाही, अशी त्यांची पक्की खात्री होती.

"डॉक्टर?" ते छाती पुढं काढून विचारायचे. "त्यो दिसतोय तरी कसा रं? मी तर अजून बघितलाच न्हाय!"

छाती पुढं काढली की तिच्याही पुढं पोट यायचं, पण ते सांगायची छाती मंगळवार पेठेत कुणाची नव्हती. साल अठ्ठ्याण्णव, वस्तादांचं वय पंचावन्न. तालमीत ते वस्ताद म्हणून बसायचे. बसायचे म्हणजे अगदी बसायचेच, खुर्चीवर! पोरं जोर मारायची, हे मोजायचे, आणि मोजून मोजून ह्यांनाच घाम फुटायचा. तोसुद्धा त्यांच्या लेखी व्यायामच होता.

मेहनत सुटून वीस वर्षं झाली होती. खुराक मात्र सुटला नव्हता. कसा सुटणार? वस्तादच खायचे थांबले तर पोरांनी कुणाकडं बघून खायचं? म्हणून निव्वळ पोरांच्या भल्यासाठी ते सकाळी म्हशीच्या धारेखालचं फेसाळ दूध प्यायचे, त्यावर बदामाची थंडाई, दुपारी तुपात बुडालेली भाकरी, आणि बुधवारी-रविवारी तांबडा-पांढरा रस्सा. तोही वाटीनं नव्हे, तांब्यानं! मग तालमीच्या चार पायऱ्या चढताना धाप लागली की खवळायचे, "ह्या पायऱ्या कुणी उंच केल्या रं?"

असं सगळं सुरळीत चाललेलं असताना कागलकरांच्या डोक्यात एक किडा वळवळला. उरसातल्या कुस्त्यांच्या मैदानात यंदा जुन्या मल्लांची एक कुस्ती लावायची! कोल्हापूरचे हंबीरराव आणि कागलचे शिवय्या. ऐन उमेदीत ह्या दोघांची जोड कधी लागलीच नव्हती. एकदा ह्यांचा गुडघा निखळला, एकदा त्यांच्या घरात लगीन निघालं. त्यामुळं दोघांत भारी कोण, यावर दोन्हीकडच्या चहाच्या गाड्यांवर तीस वर्षं नुसती भांडणं व्हायची. हंबीररावांनी निरोप आल्या पावली होकार दिला आणि घरी येऊन सांगितलं.

शालूबाई भाकरी थापत होत्या. थापायच्या थांबल्या.

"आवं, चपला घालताना धाप लागतीया तुम्हास्नी! आन कुस्ती?"

"चपला घट्ट हायत त्या!"

"माझी आई चुलीम्होरं बसल्या जाग्यावर पडली. बीपी होतं. दोन वरीस खाटंवर काढलं तिनं, तोंडातनं शब्द फुटत नव्हता. मला परत त्ये बघायचं न्हाय."

"तुझ्या आईनं कधी जोर मारलतं व्हय?"

शालूबाईंनी परात बाजूला सारली. "ऐका. डॉक्टरनं सगळ्यांम्होरं सांगू दे की ह्यो गडी लढायला लायक हाय. मग खुशाल जावा. न्हायतर मी मलकापूरला भावाकडं जाती आन परत येत न्हाय!"

एवढंच ना? हंबीररावांना गुदगुल्याच झाल्या. तालमीतच तपासणीचं शिबिर घ्यायचं, डॉक्टरच्या तोंडून वदवून घ्यायचं, विषय संपला! आता अडचण एकच. तालमीत बाईमाणूस पाऊल टाकत नाही, ही पेठेची जुनी रीत. मग शालूबाईंना निकाल कळणार कसा? वस्तादांनी त्यावरही डाव काढला. तालमीच्या माडीवर कर्णा बांधला आणि त्याचं तोंड बरोबर स्वतःच्या घराकडं वळवलं. माईकवर बोलायला बोलावलं आण्णांना. आण्णा म्हणजे पंचक्रोशीतल्या कुस्ती मैदानांचा आवाज. पैलवान नुसता लंगोट कसताना दिसला तरी आण्णा त्याचं असं वर्णन करायचे की मागं बसलेला माणूस उभा राहायचा.

डॉक्टर होते शिवशरण. पेठेत नुकताच दवाखाना टाकलेला, तरणा, सरळ माणूस. कर्णा बघून ते चपापले.

"वस्ताद, हे असं माईकवर सांगायचं नसतं. ज्याचं त्याचं खाजगी असतं."

"आमच्यात खाजगी काय नसतंय डॉक्टर," हंबीरराव म्हणाले, "लंगोटावर लढतोय आम्ही!"

रविवारी सकाळी तालीम फुल्ल! पोरं, म्हातारे, अडते, दूधवाले, सगळे हजर. कुणी हौसेनं हलगीवालेही आणले होते. पहिला नंबर ज्ञानूचा. ज्ञानू हा तालमीचा तयारीचा पैलवान, कागलच्या मैदानात दोन नंबरच्या कुस्तीला उतरणार होता. रोज पहाटे कळंब्याच्या तळ्यापर्यंत पळत जायचा, पळत यायचा, वर जोर-बैठका, वर दोर चढायचा. डॉक्टरनी त्याच्या दंडाला पट्टा बांधला, फुगवला, मनगट धरून घड्याळाकडं बघितलं आणि खुललेच.

"एकशे दहा, सत्तर! नाडी शेहेचाळीस! वा!"

ते 'वा' माईकपर्यंत पोचलंच नाही. आण्णांनी आकडा तेवढा उचलला. "तालमीचा ढाण्या वाघ ज्ञानूऽऽ... एकशे दहा!"

लोक एकमेकांकडं बघायला लागले. एकशे दहा चांगलं का वाईट, कुणालाच ठाऊक नाही. तेवढ्यात दुसऱ्या नंबरला गुळाचे एक अडते बसले. गेल्या दहा वर्षांत गादीवरून फक्त जेवायला उठलेला माणूस.

"एकशे पन्नास!" आण्णा ओरडले.

झालं! लोकांना हिशोब कळला. चाळीसनं पुढं! टाळ्या पडल्या, शिट्ट्या झाल्या. आता तुम्हीच सांगा, ज्या गावात जोर हजारात मोजतात, दूध लिटरात मोजतात आणि पैलवान किलोवर मोजतात, तिथं मोठा आकडा वाईट असतो हे कुणाच्या डोक्यात येणार? एकशे साठवाल्याला खांद्यावर घेतला. एकशे पासष्टवाल्यानं स्वतःहून शड्डू ठोकला. एकशे वीसवाला एक शाळामास्तर तर मागच्या दारानं गुपचूप निघून गेला.

"अहो ऐका, मोठा आकडा म्हणजे..." डॉक्टर उठून उभे राहिले. हलगी कडाडली. डॉक्टर बसले.

हंबीररावांनी ज्ञानूला कोपऱ्यात घेतलं. "काय रं हे? रोज कळंब्याला पळतोस आन एकशे दहा? आन नाडी शेहेचाळीस? घड्याळ बंद पडत आलंय व्हय तुझं?"

ज्ञानूनं मान खाली घातली. "काय कळंना वस्ताद. खुराक तर बरोबर हाय."

"कागलात लोक काय म्हणतील? दुसऱ्या कुणाची जोड धरू काय?"

"नगा वस्ताद! उद्यापास्नं आणखी पळतो."

"पळ! वाढलं पायजे!"

शेवटी वस्ताद स्वतः खुर्चीत बसले. डॉक्टरनी मोठा पट्टा काढला. वस्तादांनी दंड फुगवला.

"दंड सैल सोडा."

"सैलच हाय!"

पारा वर चढला आणि डॉक्टरचा चेहरा उतरला. त्यांनी वस्तादांच्या कानाशी वाकून अगदी हळू सांगितलं, "वस्ताद, एकशे नव्वद. खालचं एकशे दहा. हलू नका. शांत बसा."

पण आण्णांचा कान म्हणजे आण्णांचाच!

"ऐकाऽऽ! कागलकरांनी ऐकावं, सांगलीकरांनी ऐकावं! मंगळवार पेठेची शान, हंबीरराव वस्तादऽऽ... एकशेऽऽ नव्वदऽऽ!"

काय सांगू तुम्हाला! हलगीनं ताल धरला, गुलाल उडाला, कुणीतरी धावत जाऊन भगवा फेटा आणला आणि वस्तादांच्या डोक्याला गुंडाळला. वस्ताद गहिवरून हात जोडत होते. डॉक्टर जिवाच्या आकांतानं "परत मोजू द्या, परत मोजू द्या" म्हणत होते. लोकांना वाटलं, त्यांचा विश्वासच बसेना! परत मोजलं. त्या दंग्यात आकडा आणखी चढला होता.

"एकशेऽऽ शहाण्णवऽऽ!" आण्णांचा आवाज फाटला. "गडी अजून वाढतोय!"

आणि इथं वस्तादांचा डाव वस्तादांवर उलटला. कर्ण्याचं तोंड कुठं होतं? घराकडं! शालूबाई पिठाच्या हातानंच धावत आल्या. तालमीच्या उंबऱ्यापाशी आल्या आणि थांबल्या. रीत मोडली नाही बाईनं. उंबऱ्याबाहेर उभं राहून हात पुढं केला.

"आण्णा, त्यो माईक द्या हिकडं."

आण्णांनी आजवर कुणाला माईक दिला नव्हता. त्या दिवशी निमूट दिला.

"माझी आई एकशे ऐंशीला पडली," शालूबाईंचा आवाज साऱ्या पेठेत घुमला. "आन ह्येंच्या एकशे नव्वदला फेटा बांधताय व्हय रं, मुडद्यांनो? काढा त्यो फेटा! वारं लागू दे डोस्क्याला!"

हलगी बंद झाली. एकशे पासष्टवाल्यानं शड्डू ठोकायला उचललेला हात खिशात घातला. फेटा कुणी काढला ते कळलंही नाही, पण निघाला. मग डॉक्टरना पहिल्यांदा बोलायला मिळालं.

"ज्ञानूचं काळीज पैलवानाचं आहे," ते म्हणाले. "शेतावरचा मोठा पंप कसा एका दमात भरपूर पाणी फेकतो, तसं. म्हणून सावकाश चालतं. शेहेचाळीस ठोक्यांत भागतं त्याचं. वस्ताद, तुमचं मात्र आखडलेल्या पाइपातनं जोर लावून पाणी ढकलतंय. पाइप कधी फुटंल सांगता येत नाही. कुस्तीत दम कोंडलात तर मैदानातच फुटंल."

"आन मी मारलेलं जोर?" हंबीररावांनी विचारलं. आवाज एवढासा झाला होता. "हजार-हजार मारल्यात डॉक्टर."

"तीस वर्षांमागं जेवलेल्यावर आज पोट भरतंय का? मेहनत थांबली की काही महिन्यांत काळीज साध्या माणसाचं होतं. तुमचं झालं. खुराक तेवढा पैलवानाचा राहिला."

वस्ताद घरी गेले ते मान खाली घालूनच. जेवायला बसले तर ताटात बिनमिठाची आमटी.

"घाबरलीस व्हय?" त्यांनी विचारलं.

"मग काय नाचू?" शालूबाई म्हणाल्या आणि पदरानं डोळे पुसायला लागल्या. वस्तादांनी ती आमटी दोनदा मागून घेतली.

दुसऱ्या दिवसापासून गोळी सुरू झाली. पहाटे ज्ञानू त्यांना रंकाळ्यावर फिरायला न्यायला लागला. ज्ञानू सावकाश चालायचा, वस्ताद धापा टाकत मागनं यायचे आणि "जरा दम खा की रं" म्हणायचे. कागलला कुस्ती रद्द म्हणून निरोप धाडायचं ठरलं होतं. तेवढ्यात कागलचाच निरोप आला. आण्णांचा आवाज कागलपर्यंत पोचलाच होता. शिवय्यांनी तिथल्या एका कंपाउंडरला घरी बोलावून मोजून घेतलं होतं, आणि शिवय्यांपुढं तो बिचारा आकड्याशिवाय एक अक्षर बोलला नव्हता.

निरोप असा होता: "सागुतीचा एक तुकडा तोंडात न घालता, नुसत्या दूधतुपावर, दोनशे दहा! आता या मैदानात!"

"दोनशे दहा?" हंबीरराव उसळलेच. "लबाड हाय त्यो!" मग खाली बसले. शालूबाईंच्या आईची ती खाट त्यांच्या डोळ्यांपुढं आली, आणि त्या खाटेवर शिवय्या!

तडक कागल गाठलं. शिवय्या दारात बसून पितळी गडव्यानं दूध पीत होते. दुधावर तुपाचा तवंग.

"शिवय्याण्णा, हे दोनशे दहा लई वाईट हाय. जीव जाईल. कुस्ती नको."

शिवय्या गदागदा हसले आणि धाकट्या भावाला कानडीत हाक मारावी तसं म्हणाले, "तम्मा, एकशे नव्वद दोनशे दहाला भ्यालं, एवढंच म्हण की गा!"

"भ्यालो म्हण. पण तू लढू नकोस."

"तू न्हाय तर दुसरा कोण तरी लढंल की. अंग तयार हाय माझं. तीस वर्षं एकच गोष्ट मनात हाय बघ, तुझी पाठ मातीला लावायची. ती एकदा लागली की संपलं. मग लंगोट बांधायचा न्हाय, काय न्हाय. डॉक्टर म्हणंल ते ऐकतो, बायको म्हणंल ते ऐकतो. पण त्याच्या आदी कुणाच्या बापाचं ऐकत न्हाय!"

परतीच्या एसटीत हंबीरराव खिडकीतून बाहेर बघत बसले होते. उभ्या जन्मात त्यांची पाठ कुणी मातीला लावली नव्हती. हे एकच खरं, बाकी सगळ्या बाता, हे त्यांचं त्यांनाही ठाऊक होतं. घरी आल्यावर त्यांनी शालूबाईंना सगळं सांगितलं, आणि मग आपण काय करणार तेही सांगितलं. मी मलकापूरला जाईन, असं शालूबाई काही म्हणाल्या नाहीत. डॉक्टरना मात्र बरोबर न्यायला लावलं.

उरसाचा दिवस उजाडला. मैदान माणसांनी फुललेलं, माईकवर आण्णा. दोन्ही वस्ताद लाल मातीत उतरले. पोटं दोघांची सारखीच, जणू एकाच कुंभारानं घडवलेली. शिवय्यांनी शड्डू ठोकला आणि त्यांचं तोंड लालबुंद झालं, कपाळावरची शीर तटतटून आली. हंबीररावांनी ती बघितली आणि ठरवलं, आता वेळ काढायचा नाही. हातात हात मिळाला. शिवय्यांनी नुसता रेटा दिला न दिला तोच हंबीरराव पाय घसरल्यागत मागं गेले आणि सपशेल उताणे! पाठीला माती लागली. गार लागली.

आण्णांच्या तोंडून पहिल्यांदाच शब्द निघेना.

"आभाळ दाखवलं!" शेवटी आण्णा रडवेल्या आवाजात म्हणाले. "कागलच्या शिवय्यांनी... एका झटक्यात..."

गुलाल उधळला. शिवय्यांना खांद्यावर घेतलं. हंबीररावांना मात्र उठता येईना! पोट एकीकडं आणि ते एकीकडं. शेवटी ज्ञानूनं बगलेत हात घालून उभं केलं. पोराचे डोळे भरले होते. "नीट लढ," वस्ताद त्याला एवढंच म्हणाले. ज्ञानू नीट लढला. समोरच्या गड्याला एवढा झुंजवला की तो धापा टाकत होता आणि ह्याचा श्वाससुद्धा फुलला नव्हता. घिस्सा मारून चीत केला.

तोवर डॉक्टर शिवशरण पट्टा घेऊन शिवय्यांपाशी पोचले होते. शिवय्यांनी हसत हसत दंड पुढं केला. "बघा की! आता काय, जिंकलोय! गोळी द्या, पाला द्या, काय बी द्या!" आणि बोलल्याप्रमाणं त्या दिवसापासून गोळी सुरू केली, तूप सोडलं, लंगोट खुंटीला टांगला. माणूस वाचला.

वाचला तो चांगलाच वाचला. पाच वर्षं झाली, शिवय्या ठणठणीत आहेत. रोज कागलच्या रस्त्यावर फिरतात, आणि महिन्याच्या महिन्याला तपासायला कोल्हापूरला डॉक्टर शिवशरणांकडं येतात. येतात आणि आधी तालमीत डोकावतात. मग ती कुस्ती परत सुरू होते, नुसती तोंडानं! पहिल्या वर्षी त्यांनी हंबीररावांना एका झटक्यात पाडलं होतं. दुसऱ्या वर्षी एका हातानं. परवा तर पोरांना सांगत होते, हात लावलाच न्हाय, नुसतं डोळं वटारून बघितलं आन तुमचा वस्ताद आडवा! पोरं वस्तादांकडं बघतात. वस्ताद म्हणतात, "व्हय, लई ताकद हाय शिवय्याण्णात."

परवा त्यानंतर डॉक्टरनी वस्तादांना तपासलं आणि कपाळाला आठ्या घातल्या.

"वस्ताद, मागच्या वेळी एकशे तीस होतं. आज एकशे साठ? गोळी चुकवली काय?"

"रोज घेतोय."

"मीठ?"

"मीठ कसं लागतंय तेच विसरलोय."

"फिरणं?"

"ज्ञानूला इचारा. पण डॉक्टर, ह्यो शिवय्या दर महिन्याला येऊन ती कुस्ती सांगतोय, त्यावर काय औषध हाय काय?"

डॉक्टर हसले. "मग सांगून टाका की खरं काय ते!"

"आवं, सांगू कसं?" हंबीरराव काकुळतीला आले. "खरं कळलं तर म्हातारा परत लंगोट बांधंल की!"

डॉक्टरनी थोडा विचार केला, कागद पुढं ओढला आणि अर्ध्या गोळीची एक केली.